बदली

जबलपूरच्या रेल्वे-स्थानकाला देशाच्या नकाशावर जे महत्त्व आले ते एका हस्तांतरामुळे. ईस्ट इंडियन रेल्वेची शाखा अलाहाबादहून निघून १८६७ साली जबलपूरला पोहोचली आणि तेथे थांबली. पश्चिमेकडून ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे थळघाट चढून, खानदेश ओलांडून, नर्मदेच्या खोऱ्यातून तिला भेटावयास आली. ७ मार्च १८७० रोजी हा सांधा अधिकृतपणे जुळला आणि मुंबई व कलकत्ता ही दोन बंदरे लोहमार्गाने एक झाली. प्रवाशाच्या दृष्टीने प्रवास सलग होता. कंपन्यांच्या दृष्टीने मात्र जबलपूर ही हद्द होती. येथवर एकाची जबाबदारी, येथून पुढे दुसऱ्याची. ज्याने घाट चढविला त्याने मुक्काम पाहावयाचा नाही, आणि ज्याने मुक्काम गाठावयाचा त्याला घाटाचे श्रम ठाऊक असावयाचे नाहीत, असा तो व्यवहार होता.

अशा व्यवहारासाठी मराठीत एक साधा शब्द आहे : बदली. मूळ अरबीतला, फारसीच्या वाटेने आलेला आणि मराठी संसारात पार मुरलेला. सरकारी नोकराच्या घरात तो उच्चारला की बायकामुलांच्या पोटात गोळा येतो, कारण तेथे त्याचा अर्थ बिऱ्हाड मोडणे असा असतो. मुंबईच्या गिरणगावात त्याला निराळा अर्थ होता. कायम कामगार गैरहजर राहिला तर त्याच्या जागी त्या पाळीपुरता घेतला जाणारा तो 'बदली'. पाळीच्या भोंग्याला त्याने गिरणीच्या दाराशी हजर राहावयाचे, जागा रिकामी असेल तर साच्यावर उभे राहावयाचे, नसेल तर घरी परतावयाचे. त्याचे कसब कायम कामगाराहून उणे असेच असे नाही; उणी असे ती फक्त जागा. वर्षानुवर्षे बदली राहिलेली माणसे गिरणगावात होती, आणि १८ जानेवारी १९८२ रोजी जो मोठा संप सुरू झाला व ज्यात सुमारे अडीच लाख कामगार उतरले, त्याच्या शेवटी कायम आणि बदली हा भेदही अनेकांपुरता संपला, कारण गिरण्याच राहिल्या नाहीत.

या शब्दाला तिसरा अर्थ खेळाच्या मैदानावर मिळू शकतो, आणि तो नीट समजावयाचा तर आपल्याकडे फारशा न रुजलेल्या बेसबॉल या खेळाकडे थोडे वळावे लागते. क्रिकेटमध्ये जो गोलंदाज त्याला तेथे पिचर म्हणतात. सामना नऊ डावांचा. आरंभ करणारा पिचर शक्य तितका वेळ चेंडू टाकतो. त्याचा हात थकला, फलंदाजांना त्याचा अंदाज आला, की व्यवस्थापक मैदानात चालत येतो, त्याच्या हातून चेंडू काढून घेतो आणि दुसऱ्याला पाचारण करतो. हा दुसरा म्हणजे रिलीफ पिचर, आपल्या भाषेत बदली पिचर. तो आतापर्यंत मैदानाच्या कडेला एका कुंपणात बसलेला असतो. त्या जागेचे नाव बुलपेन, म्हणजे बैलांचा कोंडवाडा. तेथे त्याने हात ऊन ठेवावयाचा आणि वाट पाहावयाची. बोलावणे आले तर दोन-तीन डावांचे, आणि २०२० पूर्वी कित्येकदा केवळ एका फलंदाजापुरते काम. न आले तर हात पुन्हा थंड करून घरी. गिरणीच्या दाराशी उभ्या असलेल्या कामगाराला ही दिनचर्या समजावून सांगावी लागली नसती.

दोन नियम येथे लक्षात घेण्याजोगे आहेत. पहिला असा की ज्याला काढले तो त्या सामन्यात परत येऊ शकत नाही. जबाबदारीचे हे हस्तांतर एकतर्फी आणि अंतिम असते. दुसरा नियम हिशेबाचा आहे आणि त्यात मोठे नैतिक मर्म आहे. बदली पिचर येतो तेव्हा मैदानातील तळांवर प्रतिपक्षाचे धावक बहुधा उभेच असतात. ते पुढे धाव पुरी करून गेले, तर ती धाव नव्या पिचरच्या नावावर न पडता, ज्याने त्यांना तळावर येऊ दिले त्या आधीच्याच्या नावावर पडते. म्हणजे पूर्वसूरीचे ऋण पूर्वसूरीकडेच राहते. पण सामना हरला तर लोकांच्या स्मरणात राहतो तो शेवटचा चेंडू टाकणारा. हिशेबाची वही आणि लोकांची स्मृती यांचा असा बेबनाव बदलीच्या वाट्याला नेहमीचाच असतो.

फार काळ हे काम कमी दर्जाचे समजले जाई. आरंभ करण्याची ज्यांची योग्यता नाही, किंवा ज्यांची योग्यता संपली आहे, त्यांना कोंडवाड्यात बसवावे अशी रीत होती. ही दृष्टी हळूहळू बदलली. दुसऱ्याने मिळविलेली आघाडी अखेरपर्यंत राखून दिली तर त्याची 'सेव्ह' म्हणून अधिकृत नोंद करण्यास १९६९ मध्ये सुरुवात झाली, म्हणजे राखण करण्यालाही कर्तृत्व मानण्यात आले. हॉयट विल्हेल्म हा बदली पिचर १९८५ साली त्या खेळाच्या कीर्तिमंदिरात निवडला गेला. या कामाचा तो पहिला मानकरी. दुसऱ्या महायुद्धात सैनिक म्हणून लढून आलेल्या या माणसाला वरच्या श्रेणीत प्रवेश मिळाला तो १९५२ मध्ये, वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी. इतरांचा उतार जेथे जवळ येतो तेथे त्याचा आरंभ झाला, आणि तो खेळत राहिला १९७२ पर्यंत, पन्नाशीच्या अगदी उंबरठ्यापर्यंत. त्याचे शस्त्र वेगाचे नव्हते. जवळजवळ न फिरता, हवेत डोलत जाणारा मंद चेंडू तो टाकी, आणि हातून सुटल्यावर तो कोठे वळेल हे फलंदाजाला ओळखता येत नसे. पनामातील एका कोळीवाड्यातून आलेला मारियानो रिव्हेरा हा त्याच्या पुढच्या पिढीतला. एकाच प्रकारच्या चेंडूवर त्याने जवळजवळ सारी कारकीर्द उभी केली, ६५२ सामने राखले, आणि २०१९ मध्ये कीर्तिमंदिरासाठी एकही मत विरुद्ध न पडता निवडून येणारा तो पहिला खेळाडू ठरला. ज्या खेळात बदलीला कोंडवाड्यात बसविले जाई, त्या खेळाने आपला सर्वांत निर्विवाद सन्मान एका बदलीला दिला.

या खेळाशी भारताचा संबंध जडला तो थोडा नाटकी रीतीने. २००८ साली दूरचित्रवाणीवरील एका स्पर्धेत हजारो तरुणांची चेंडूफेक तपासण्यात आली आणि तीतून उत्तर प्रदेशातील दोन मुले निवडली गेली, रिंकू सिंग आणि दिनेश पटेल. दोघेही भालाफेकीच्या वळणाचे; बेसबॉल त्यांनी कधी पाहिलाही नव्हता. भाला फेकणाऱ्या खांद्यात चेंडू फेकण्याची शक्यता दडलेली असेल हा अमेरिकन व्यावसायिकांचा तर्क होता आणि तो सर्वस्वी चुकला नाही. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरात पिट्सबर्ग पायरेट्स या संघाने दोघांशी करार केला. जुलै २००९ पासून ते सर्वांत खालच्या श्रेणीत उतरले आणि अमेरिकेतील व्यावसायिक बेसबॉलमध्ये खेळणारे पहिले भारतीय झाले. पटेल यांचा करार २०१० च्या अखेरीस संपविण्यात आला. सिंग टिकले. डावखुरा बदली पिचर म्हणून ते एकेक पायरी चढत गेले. २०१२ च्या हंगामात त्यांनी ३९ सामन्यांत ७२ डाव टाकले आणि ६५ फलंदाज बाद केले. मग कोपर दुखावले, शस्त्रक्रिया झाली, आणि वरच्या श्रेणीचे बोलावणे येण्यापूर्वीच ती कारकीर्द थांबली. २०१४ मध्ये या कथेवर चित्रपट निघाला. चित्रपटाने करार होईपर्यंतचा भाग घेतला, आणि ते स्वाभाविक होते. कारण वाट पाहण्याला दृश्य नसते. लहान गावांच्या मैदानांवर, बसच्या लांबलचक प्रवासांत, कुंपणाआड हात ऊन करीत घालविलेली वर्षे पडद्यावर कशी दाखवावयाची? पण पिचरचे आयुष्य तेच होते.

क्रिकेटमध्ये असा बदली कधी नव्हता. बदली खेळाडू क्षेत्ररक्षण करू शकतो, पण त्याने गोलंदाजी करू नये हा त्या खेळाचा जुना दंडक. अकरांत ज्याचे नाव लागले त्यानेच पाच दिवस वाहावयाचे. बाराव्याने पाणी न्यावे. या दंडकामागे एक करारी न्याय आहे हे खरे. परंतु त्यामुळे एक गोष्ट घडली : दारात उभ्या असलेल्या माणसाला क्रिकेटने नावच दिले नाही. बेसबॉलचा बदली निदान कुंपणात बसलेला दिसतो. क्रिकेटचा बदली आपल्या घरी असतो, आणि रेडिओवर संघाची नावे ऐकतो.

मराठी माणसाला या प्रसंगी ज्यांचे नाव आठवल्याशिवाय राहणार नाही ते पद्माकर शिवलकर. १४ सप्टेंबर १९४० चा त्यांचा जन्म. शिवाजी पार्कच्या मातीत वाढलेला हा डावखुरा फिरकी गोलंदाज १९६१–६२ च्या हंगामात प्रथम दर्जाच्या क्रिकेटमध्ये उतरला आणि एकूण १२४ सामन्यांत त्याने ५८९ बळी मिळविले, सरासरी विसाहून कमी धावांना एक. त्यांपैकी ३६१ बळी रणजी करंडकातील, मुंबईसाठी. यातला कोणताही आकडा कसोटी सामन्याचा नाही, कारण कसोटी सामना त्यांना मिळालाच नाही.

हा इतिहास सांगताना 'अन्याय' हा शब्द मराठी लेखणीतून चटकन उतरतो. तो उतरण्यापूर्वी थोडा विचार केलेला बरा. शिवलकर मुंबईच्या दाराशी आले तेव्हा तेथे बापू नाडकर्णी होते. तेही डावखुरे फिरकी गोलंदाज. जानेवारी १९६४ मध्ये मद्रासला इंग्लंडविरुद्ध लागोपाठ २१ निर्धाव षटके टाकून ज्यांनी चिकाटीला एक प्रकारचे शास्त्र बनविले, त्या नाडकर्ण्यांची जागा मागणे हे कोणालाही सोपे नव्हते. त्यांचे शेवटचे कसोटी सामने १९६८ चे. पण त्याआधीच, डिसेंबर १९६६ च्या अखेरच्या दिवशी, कलकत्त्याला बिशनसिंग बेदी यांनी पदार्पण केले होते. पुढील तेरा वर्षे बेदी होते : ६७ सामने, २६६ बळी. त्यांच्या सोबत प्रसन्न, चंद्रशेखर, वेंकटराघवन. भारतीय फिरकीचा तो सुवर्णकाळ, आणि सुवर्णकाळाचे एक दुर्दैव असे की त्यात बाहेर राहणाऱ्यांची यादीही सोन्याचीच असते. बेदींना काढून शिवलकरांना घ्यावयास हवे होते असे कोणी गंभीरपणे म्हणणार नाही. दोघांना एकदम घ्यावे, तर एकाच वळणाचे दोन गोलंदाज एका संघात ठेवण्याचे धाडस कोणता कर्णधार करणार? यास्तव येथे कोणाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्याचा मोह आवरावा लागतो. निवड करणाऱ्यांची चूक क्वचित असेल, पण मुळात चूक कोणाचीही नसताना माणसाचे आयुष्य दाराशी संपू शकते, ही अधिक अवघड गोष्ट आहे. आरोपी सापडला की शोकांतिका हलकी होते. येथे तो सापडत नाही.

दाराशी उभे राहणारे शिवलकर एकटे नव्हते. हरयाणाचे राजिंदर गोयल, तेही डावखुरे, रणजी करंडकात ६०० हून अधिक बळी घेणारे. १९७४ च्या नोव्हेंबरात वेस्ट इंडीजविरुद्धच्या बंगलोर कसोटीतून बेदींना शिस्तीच्या कारणावरून वगळण्यात आले, तेव्हा गोयल यांना बोलावणे गेले. ते पोहोचले. सामन्याच्या सकाळी अकरा नावे ठरली ती प्रसन्न आणि वेंकटराघवन या दोघांना घेऊन, गोयल बाहेर. पुढच्या सामन्याला बेदी परतले आणि दार पुन्हा लागले. याउलट बंगालकडून खेळणारे दिलीप दोशी यांच्या वाट्याला काळ अनुकूल आला. बेदींची कारकीर्द १९७९ मध्ये संपली आणि त्याच वर्षी सप्टेंबरात दोशींनी एकतिसाव्या वर्षी पदार्पण केले. ३३ कसोटींत ११४ बळी मिळविले. शिवलकर तेव्हा एकोणचाळीस वर्षांचे होत होते. जागा रिकामी झाली, पण रांग पुढे सरकून गेली होती. गिरणीच्या भोंग्याशी परिचय असलेल्यांना यात अपरिचित असे काही नाही.

तथापि बदलीच्या कारकिर्दीचे मोजमाप न मिळालेल्या जागेवरून करणे म्हणजे तिचा अर्धाच भाग पाहणे होय. दुसरा अर्धा भाग १९७२–७३ च्या रणजी अंतिम सामन्यात दिसतो. मुंबईने त्यापूर्वी सलग चौदा वेळा करंडक जिंकला होता. पंधराव्या खेपेला गाठ तामिळनाडूशी, चेपॉकच्या मैदानावर, आणि खेळपट्टी अशी की चेंडू पहिल्या दिवसापासून हातभर वळावा. वेंकटराघवन आणि व्ही. व्ही. कुमार यांच्यासारखे फिरकी गोलंदाज ज्यांच्याकडे, त्यांनी मांडलेला तो फास होता. मुंबई १५१ आणि ११३ धावांत बाद झाली. तामिळनाडू बाद झाली ८० आणि ६१ धावांत. शिवलकरांनी पहिल्या डावात १६ धावांत ८ आणि दुसऱ्या डावात १८ धावांत ५ बळी घेतले. सामना दोन दिवस आणि तिसऱ्या दिवसाचा एक चेंडू इतक्यात आटोपला, मुंबई १२३ धावांनी जिंकली. दुसऱ्याने मांडलेल्या पटावर येऊन त्याचाच डाव त्याच्यावर उलटविणे, हे बदलीचे अस्सल काम आहे. त्या दोन दिवसांत शिवलकर कोणाच्या ऐवजी खेळत नव्हते.

त्यांच्या गोलंदाजीविषयी जे सांगितले जाते त्यात आवाज कमी आहे. धाव छोटी, हात मोकळा, चेंडूला उंची, आणि टप्पा इतका निश्चित की फलंदाजाला घाई करण्याची पाळी यावी. मंद चेंडू टाकणारा गोलंदाज फलंदाजाच्या चुकीची वाट पाहतो. वेगवान गोलंदाज चूक घडवून आणतो; फिरकीवाला ती घडेपर्यंत धीर धरतो. वाट पाहणे हे ज्याच्या कलेचेच अंग आहे, त्याच्या आयुष्यानेही तेच मागितले, हा योगायोग ज्यांना फार जुळवून आणलेला वाटेल त्यांनी एवढे ध्यानात घ्यावे की शिवलकर मैदान सोडून गेले नाहीत. खेळ थांबविल्यावर काही वर्षांनी, १९८७–८८ मध्ये, पंचेचाळिशी ओलांडलेल्या या गोलंदाजाला मुंबईने पुन्हा बोलाविले, आणि तो आला. मुंबईच्या संघाला बदली हवा होता. सुनील गावसकर यांनी १९८३ साली आपल्या आदर्श खेळाडूंवर जे इंग्रजी पुस्तक लिहिले त्यात शिवलकर आणि गोयल या दोघांचाही समावेश केला. ज्यांनी एकही कसोटी खेळली नाही अशांना आदर्शांच्या पंक्तीला बसविणे ही त्या पुस्तकातील सर्वांत बोलकी गोष्ट होय. शिवलकर गातही असत, आणि आपल्या आत्मचरित्राला त्यांनी नाव दिले 'हा चेंडू दैवगतीचा'. २०१७ मध्ये सी. के. नायडू यांच्या नावाचा जीवनगौरव शिवलकर आणि गोयल यांना एकदमच देण्यात आला. गोयल २०२० मध्ये गेले, बेदी २०२३ मध्ये, शिवलकर ३ मार्च २०२५ रोजी, आणि त्याच वर्षी दोशीही. एका काळाचे डावखुरे फिरकी गोलंदाज असे पाच वर्षांच्या अवधीत पटावरून उठून गेले.

क्रिकेटचा जुना दंडक आता सैल झाला आहे. डोक्याला मार लागून खेळाडू बाहेर गेला तर त्याच्या जागी तशाच गुणांच्या दुसऱ्याने उतरावे, आणि त्याने गोलंदाजीही करावी, अशी मुभा २०१९ पासून मिळाली. डिसेंबर २०२० मध्ये कॅनबेरा येथे ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या वीस षटकांच्या सामन्यात रवींद्र जडेजांच्या जागी युजवेंद्र चहल आले, २५ धावांत ३ बळी घेऊन सामन्याचे मानकरी ठरले. सामना सुरू झाला तेव्हा ते अकरांत नव्हते. २०२३ पासून भारतातील व्यावसायिक वीस-षटकी स्पर्धेत सामन्याच्या मध्ये एक खेळाडू बदलण्याची सोयच करण्यात आली. बदलीला क्रिकेटमध्येही नाव मिळाले खरे, पण ते शिवलकरांच्या उपयोगाचे नव्हते. नियम बहुधा असेच येतात. ज्यांच्या हालअपेष्टांमुळे त्यांची गरज पटते, त्यांच्या पश्चात.

हा सारा विचार जबलपुरात करणे विशेष प्रशस्त, कारण हे नगर स्वतःच दीर्घकाळ दाराशी उभे राहिलेले आहे. नागपूरकर भोसल्यांचा अंमल येथे १८१७ पर्यंत होता; पुढे मध्यप्रांत-वऱ्हाडात नागपूर ही राजधानी आणि जबलपूर हे दुसरे नगर. १ नोव्हेंबर १९५६ रोजी नवा मध्य प्रदेश बनला आणि विदर्भ मुंबई राज्यात गेला. नागपूर बाजूला झाल्यावर दुसऱ्याचा पहिला होणार, राजधानी जबलपूरला येणार, अशी अपेक्षा येथे होती आणि ती निराधार नव्हती. राजधानी भोपाळला गेली. जबलपूरला उच्च न्यायालय मिळाले. ज्या न्यायालयाचा कारभार नागपुरात चाले, त्याच्याबरोबर बदलीच्या पहिल्या अर्थाने काही मराठी बिऱ्हाडेही येथे आली आणि आधीपासूनच्या मराठी वस्तीत मिसळली. त्यांची मराठी हिंदीच्या शेजाराने थोडी सैल झाली, तरी तुटली नाही.

ज्या खेळाडूचा जन्म या नगरीने दिला तो रूपसिंग हाही दुसऱ्या क्रमांकाचा म्हणूनच ओळखला गेला. १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये भारताने अमेरिकेवर २४ गोल केले. त्यांतील १० रूपसिंगांचे आणि ८ ध्यानचंदांचे. त्या दिवसाचा हिशेब असा असूनही लोकांच्या तोंडी नाव राहिले थोरल्या भावाचे, आणि रूपसिंगांच्या नावाचे क्रीडांगण आहे ते ग्वाल्हेरीस. येथेही कोणी कोणावर अन्याय केला असे म्हणता येत नाही. ध्यानचंद मोठेच होते.

मात्र दाराशी उभे राहणे नेहमीच निष्फळ ठरते असेही नाही. १९९९ च्या रणजी अंतिम सामन्यात मध्य प्रदेशाचा संघ बंगलोरला कर्नाटकाकडून हरला, तेव्हा त्याचे कर्णधार होते चंद्रकांत पंडित, मूळचे मुंबईचे. तेवीस वर्षांनी, जून २०२२ मध्ये, त्याच मैदानावर मध्य प्रदेशाने करंडक प्रथमच जिंकला; समोर होती मुंबई, आणि मध्य प्रदेशाचे प्रशिक्षक होते पंडित. ज्या मुंबईने शिवलकरांच्या हातून सलग पंधरावा करंडक उचलला होता तिला हरविण्याचे काम एका मुंबईकराने मध्य प्रदेशासाठी केले, हे पाहून जबलपूरच्या मराठी घरात आनंद मानावा की संकोच, हा प्रश्न त्या संध्याकाळी अनेकांना पडला असल्यास नवल नाही. पंडितांनी स्वतः त्या दिवशी एकही चेंडू खेळला नव्हता. तेवीस वर्षांपूर्वी तळावर उभ्या राहिलेल्या धावकाची ती धाव दुसऱ्यांनी पुरी केली होती, आणि ती त्यांच्याही नावावर लिहिली गेली.

साहित्याच्या अभ्यासकाला हा विषय परका वाटू नये. वाङ्मयाचे इतिहास जवळजवळ सगळेच कसोटी सामन्यांचे इतिहास आहेत. कोणत्या कवीने युग घडविले, कोणत्या कादंबरीने वळण दिले, याची नोंद होते. त्या युगात ज्यांनी नेमाने लिहिले, मासिकाला मजकूर कमी पडला तेव्हा लेख दिला, मुख्य व्याख्याता आला नाही तेव्हा सभा सावरली, गावोगावच्या वाचनालयांत भाषा जिवंत ठेवली, त्यांच्यासाठी इतिहासात 'सेव्ह'चा स्तंभ नाही. भाषांतरकाराचे स्थान तर बदलीचेच असते. दुसऱ्याने आरंभिलेला डाव तो हाती घेतो. जिंकला तर मूळ लेखकाचा विजय, हरला तर भाषांतराचा दोष. महाराष्ट्राच्या सीमेबाहेर, इंदूर-ग्वाल्हेर-जबलपूर या पट्ट्यात ज्यांनी मराठी लिहिली, त्यांनाही पुण्या-मुंबईच्या निवडीची वाट पाहावी लागली आणि बहुतेकांना बोलावणे आले नाही. त्यांच्याविषयी करुणा दाखविणे सोपे आहे. त्यांनी काय लिहिले ते उघडून वाचणे, त्यांतील उत्तम कोणते व सामान्य कोणते हे निवडणे, हे काम कष्टाचे आहे, आणि तेच अभ्यासकाचे कर्तव्य होय. शिवलकरांना कसोटी मिळाली नाही याबद्दल हळहळणारे पुष्कळ भेटतात. चेपॉकच्या त्या दोन डावांत त्यांनी चेंडू कसा टाकला हे सांगू शकणारे आता फार थोडे उरले आहेत. जोवर ते आहेत तोवर त्यांना विचारून ठेवले पाहिजे.